जनुकीय बदल केलेली पिके आणि आपले अन्न : मराठवाड्यातील शेतकरी व ग्राहकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मराठवाड्यात बीटी कापूस, म्हणजे बोंडअळीला मारणाऱ्या प्रथिनाचे जिवाणूतले जनुक घातलेला कापूस, येऊन दोन दशकांहून अधिक काळ लोटला आहे. तरीही कृषी सेवा केंद्रात, आठवडी बाजारात आणि शेतकरी मेळाव्यांत या विषयावर जे प्रश्न विचारले जातात, त्यांची उत्तरे अनेकदा ऐकीव माहितीवरच दिली जातात. एका बाजूला हे तंत्रज्ञान म्हणजे विष आहे असे सांगितले जाते, तर दुसऱ्या बाजूला त्यात काहीच काळजी करण्यासारखे नाही असे म्हटले जाते. या दोन्ही मतांनी शेतकऱ्याचे नुकसानच केले आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. एखादे बियाणे सुरक्षित आहे की नाही, हा प्रश्न प्रत्येक पिकासाठी आणि त्यात घातलेल्या प्रत्येक गुणासाठी स्वतंत्रपणे विचारावा लागतो. आणि परवानगी मिळाल्यानंतर ते बियाणे कसे वापरले जाते, यावर पुढचे बरेच काही ठरते.

संकरित बियाणे आणि जनुकीय बदल केलेले बियाणे एकच असते का?

नाही. संकरित बियाणे एकाच पिकाच्या दोन वाणांचा परागकणांद्वारे संकर करून तयार करतात. जनुकीय बदलात मात्र एखादे ठरावीक जनुक, बहुतेक वेळा दुसऱ्याच सजीवातले, प्रयोगशाळेत पिकाच्या पेशीत घातले जाते व त्या पेशीपासून झाड वाढवले जाते. जालन्याची मोसंबी किंवा केसर आंबा ही कलमे आहेत, बिनबियांची द्राक्षे निवडीतून आणि संकरातून आलेली आहेत, आणि बाजारातले टणक सालीचे टोमॅटो हे संकरित वाण आहेत. यांपैकी कशातही जनुकीय बदल नाही.

गोंधळ होतो तो कापसाच्या बाबतीत, कारण आपल्याकडे मिळणारे बीटी कापसाचे बियाणे बहुतांश संकरितही असते आणि जनुकीय बदल केलेलेही असते. बियाणे दरवर्षी विकत घ्यावे लागते ते मुख्यतः ते संकरित असल्यामुळे. त्यातल्या बीटी जनुकामुळे नव्हे.

मराठवाड्यात आज कोणती जनुकीय बदल केलेली पिके घेतली जातात?

कायदेशीररीत्या फक्त बीटी कापूस. लातूर-धाराशिवचे सोयाबीन, तूर, हरभरा, ज्वारी, मका, भाजीपाला यांपैकी कोणत्याही पिकाच्या जनुकीय बदल केलेल्या वाणाला लागवडीची परवानगी नाही. सोयाबीनबद्दल गैरसमज फार पसरलेला आहे, कारण अमेरिका, ब्राझील व अर्जेंटिनात पिकणारे बहुतेक सोयाबीन जनुकीय बदल केलेले असते. आपले तसे नाही. शिवाय ते संकरितही नसल्याने चांगली उगवणशक्ती असलेले घरचे सोयाबीन बियाणे म्हणून निर्धास्तपणे वापरता येते.

बीटी प्रथिन अळीला मारते, तर माणसाला अपाय कसा करत नाही?

हा प्रश्न रास्त आहे आणि त्याचे उत्तर नीट समजून घ्यायला हवे. 'बॅसिलस थुरिंजिएन्सिस', म्हणजेच 'बीटी', हा मातीत आढळणारा जिवाणू काही प्रथिने तयार करतो. बोंडअळीच्या आतड्यातले वातावरण अल्कधर्मी असते. तिथे हे प्रथिन विरघळते, आतड्याच्या आवरणावरील विशिष्ट ग्राहकांना चिकटते आणि त्या आवरणाला छिद्रे पाडते. अळी खाणे थांबवते व मरते. माणसाचे पोट आम्लधर्मी असते, तिथे हे प्रथिन इतर प्रथिनांसारखेच पचते, आणि आपल्या आतड्यात ते ग्राहक नसतात. याच जिवाणूची फवारणी सेंद्रिय शेतीतही मान्य आहे.

म्हणून हे प्रथिन सर्व किडींनाही मारत नाही. मावा, तुडतुडे, फुलकिडे आणि पांढरी माशी या रसशोषक किडींवर त्याचा परिणाम होत नाही. 'बीटी लावली, आता फवारणीच नको' असा जो समज सुरुवातीच्या वर्षांत पसरला, तो मुळातच चुकीचा होता.

सरकीचे तेल, सरकी पेंड आणि ती खाणाऱ्या जनावरांचे दूध सुरक्षित आहे का?

शुद्ध केलेल्या तेलात प्रथिन जवळजवळ राहतच नाही. त्यामुळे बीटी सरकीचे आणि साध्या सरकीचे तेल यांत खाण्याच्या दृष्टीने फरक उरत नाही. पेंडीत प्रथिन असते, परंतु जनावरांवर झालेल्या आहार-चाचण्यांमध्ये दुधाच्या किंवा मांसाच्या गुणवत्तेत बीटीमुळे बदल आढळलेला नाही.

मला अधिक काळजी वाटते ती दुसऱ्याच दोन गोष्टींची, ज्यांच्याकडे या चर्चेत कोणाचे लक्ष जात नाही. सरकीत, मग ती बीटी असो वा गावरान, 'गॉसिपॉल' नावाचा नैसर्गिक विषारी घटक असतो. मोठी जनावरे तो बऱ्याच अंशी सहन करतात, पण लहान वासरांना आणि कोंबड्यांना त्याचा त्रास होतो. दुसरे म्हणजे, पावसाळ्यात ओल लागून बुरशी आलेली पेंड. बुरशीपासून होणारे अफ्लाटॉक्सिन हे विष दुधात उतरते, हे सिद्ध झालेले आहे. गोठ्यातली पेंड बीटी आहे का, हे विचारण्याआधी ती कोरडी आहे का, हे पाहावे.

आपण खातो ते सोयाबीन तेल जनुकीय बदल केलेल्या पिकाचे असते का?

बरेचदा असते. भारत आपल्या गरजेच्या निम्म्याहून अधिक खाद्यतेल आयात करतो आणि सोयाबीन तेलाचा मोठा भाग अर्जेंटिना व ब्राझीलमधून येतो. तेलाच्या शुद्धीकरणाबाबत वर जे सांगितले, तेच येथेही लागू पडते. ऑगस्ट २०२१ मध्ये केंद्र सरकारने कोंबडीखाद्यासाठी १२ लाख टन जनुकीय बदल केलेल्या सोयाबीनची पेंड आयात करण्यास परवानगी दिली. त्या वेळी आपल्या भागात जो रोष उमटला, तो आरोग्यापेक्षा भावाचा होता, आणि ऐन नवा माल बाजारात येण्याच्या तोंडावर तो निर्णय झाल्याने तो रोष समजण्यासारखा होता. मात्र भावाचा प्रश्न भावाचा म्हणूनच मांडावा. त्याला आरोग्याच्या भीतीची जोड दिली की दोन्ही मुद्दे कमकुवत होतात.

तांदूळ, मका, सोयाबीन यांसह २४ पिकांचा प्रक्रिया न केलेला माल खाण्यासाठी आयात करायचा असल्यास तो जनुकीय बदल न केलेला असल्याचे प्रमाणपत्र भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने २०२१ पासून बंधनकारक केले आहे. त्यात अनवधानाने झालेल्या मिसळीसाठी १ टक्क्यापर्यंत सूट आहे.

एखादे पीक सुरक्षित आहे, हे कोण आणि कसे ठरवते?

भारतात पर्यावरण संरक्षण कायदा, १९८६ खाली १९८९ मध्ये केलेले नियम यासाठी लागू आहेत. प्रयोगशाळेतील व सुरुवातीच्या चाचण्यांवर जैवतंत्रज्ञान विभागाची समिती देखरेख करते आणि पर्यावरणात सोडण्याचा निर्णय पर्यावरण मंत्रालयातील जनुकीय अभियांत्रिकी मूल्यमापन समितीकडे, म्हणजे 'जीईएसी'कडे, असतो. नवे प्रथिन विषारी आहे का, ते किती वेळात पचते, ज्ञात ॲलर्जीकारक प्रथिनांशी त्याचे साम्य आहे का, पिकाच्या पोषणमूल्यात बदल झाला का, मित्रकीटकांवर काय परिणाम होतो, परागकण किती दूर जातात, अशा बाबी तपासल्या जातात.

या तपासण्या निव्वळ कागदी नसतात, हे दाखवणारे एक उदाहरण आवर्जून सांगावेसे वाटते. प्रथिनांचा कस वाढावा म्हणून सोयाबीनमध्ये ब्राझील नट या कवचफळाचे जनुक घालण्यात आले होते. त्या फळाची ॲलर्जी असलेल्या लोकांच्या रक्ताच्या नमुन्यांवर चाचणी केल्यावर नव्या सोयाबीनमध्येही तोच ॲलर्जीकारक घटक उतरल्याचे १९९६ मध्ये प्रसिद्ध झाले आणि ते वाण बाजारात आलेच नाही. याच्या उलट, अमेरिकेत 'स्टारलिंक' नावाच्या मक्याला केवळ जनावरांच्या खाद्यासाठी परवानगी होती, कारण त्यातल्या प्रथिनाच्या ॲलर्जीबाबत शंका मिटलेली नव्हती. तरीही २००० मध्ये तो माणसांच्या खाद्यपदार्थांत सापडला आणि माल बाजारातून परत घ्यावा लागला. पहिल्या उदाहरणात चाचणीने काम केले. दुसऱ्यात चाचणी बरोबर होती, पण कोठार, वाहतूक आणि गिरणी यांत माल वेगळा ठेवण्याची शिस्त पाळली गेली नाही.

दीर्घकाळ खाल्ल्याने कर्करोग होतो, असे ऐकतो. त्यात तथ्य आहे का?

ही भीती मुख्यतः २०१२ मध्ये फ्रान्समधून प्रसिद्ध झालेल्या, गाठी आलेल्या उंदरांच्या छायाचित्रांमुळे पसरली. त्या प्रयोगात प्रत्येक गटातील उंदरांची संख्या फार कमी होती आणि वापरलेल्या जातीच्या उंदरांना वयानुसार आपोआपच गाठी येतात. त्यामुळे नियतकालिकाने तो शोधनिबंध २०१३ मध्ये मागे घेतला, आणि पुढे तो दुसऱ्या नियतकालिकात पुन्हा छापला गेला. अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीने २०१६ मध्ये सुमारे ९०० संशोधनांचा आढावा घेतला. त्या वेळी वापरात असलेल्या जनुकीय बदल केलेल्या पिकांपासून बनलेले अन्न साध्या अन्नापेक्षा आरोग्याला अधिक धोकादायक असल्याचा पुरावा त्यांना आढळला नाही. हा निष्कर्ष तपासलेल्या पिकांपुरता आहे. उद्या येणाऱ्या नव्या गुणाला तो आपोआप लागू होत नाही.

बीटी असूनही गुलाबी बोंडअळी का आली?

मराठवाड्याच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा प्रश्न हा आहे. मार्च २००२ मध्ये पहिल्या बीटी वाणांना परवानगी मिळाली आणि ते वाण जालन्यातल्या कंपनीचे होते. त्यात 'क्राय १ एसी' हे एकच जनुक होते. २००६ मध्ये 'क्राय २ एबी' हे दुसरे जनुक जोडलेले 'बोलगार्ड २' आले. हिरव्या बोंडअळीवर या दोन्हींनी उत्तम काम केले. मात्र २०१० पर्यंत गुजरातमध्ये गुलाबी बोंडअळी पहिल्या जनुकाला प्रतिकारक झाल्याचे मान्य करण्यात आले, पुढील काही वर्षांत तिने दुसऱ्या जनुकालाही दाद देणे थांबवले, आणि २०१७ च्या खरिपात मराठवाडा-विदर्भात तिने हाहाकार माजवला.

याची कारणे एकापेक्षा अधिक आहेत. पहिले कारण म्हणजे आश्रय पीक, ज्याला आपण सरसकट 'रेफ्युजी' म्हणतो. ४५० ग्रॅमच्या बीटी पाकिटासोबत १२० ग्रॅमचे बिगर-बीटी पाकीट मिळत असे. शेताच्या कडेने ते लावले, की त्यावर बीटीला बळी पडणाऱ्या अळ्या जगतात, त्यांचे पतंग प्रतिकारक पतंगांशी संकर करतात आणि पुढच्या पिढीत प्रतिकारशक्ती लवकर घट्ट होत नाही. बहुतेकांनी ते पाकीट बांधावर टाकून दिले, आणि त्याचा हेतू त्यांना समजावून सांगण्याची तसदी विक्रेत्यांपैकी फार थोड्यांनी घेतली. काही पाकिटांतील बियाण्याचा दर्जाही उगवावे असा नव्हता. हा दोष एकट्या शेतकऱ्याच्या माथी मारणे मला मान्य नाही.

दुसरे कारण कमी चर्चिले जाते. भारतात बीटी जनुक संकरित वाणांत घालण्यात आले, तर अमेरिकेत ते सरळ, म्हणजे संकरित नसलेल्या, वाणांत आहे. संकरित झाडाला ते जनुक एकाच पालकाकडून मिळते, त्यामुळे त्या झाडाच्या बोंडातील सर्व सरकींत ते सारखे उतरत नाही. दोन जनुकांच्या वाणात सरासरीने दर १६ सरकींपैकी ९ मध्ये दोन्ही प्रथिने, ६ मध्ये एकच आणि १ मध्ये एकही नसते. गुलाबी बोंडअळी तर बोंडाच्या आत राहून सरकीच खाते. म्हणजे एकाच बोंडात तिला कमी-अधिक मात्रा मिळत राहते, आणि प्रतिकारशक्ती तयार होण्यासाठी याहून सोयीची परिस्थिती नाही.

तिसरे कारण हंगामाचे. ही अळी प्रामुख्याने कापसावरच जगते. डिसेंबरमध्ये पीक काढून शेत मोकळे केले, तर तिची साखळी तुटते. पण पाण्याची थोडी सोय असली की मार्चपर्यंत फरदड, म्हणजे हंगाम संपल्यावरही तेच पीक शेतात ठेवून, घेतली जाते, आणि उपटलेल्या पऱ्हाट्या जळण म्हणून बांधावर किंवा घरामागे रचून ठेवल्या जातात. त्या ढिगातले एखादे न उमललेले, वाळलेले बोंड, ज्याला आपण कवडी म्हणतो, फोडून पाहावे: दोन सरकी एकमेकींना चिकटलेल्या दिसतात आणि त्यांच्या पोकळीत गुलाबी अळी सुप्तावस्थेत पडलेली असते. जूनच्या पावसानंतर तिचा पतंग होतो आणि तो शेजारच्या शेतातल्या नव्या पिकावर जातो.

अमेरिकेने आश्रय पीक, वेळेवर शेत मोकळे करणे आणि वंध्य नर पतंग सोडणे यांची सांगड घालून २०१८ मध्ये गुलाबी बोंडअळीचे निर्मूलन झाल्याचे जाहीर केले. जनुके तीच होती.

मग आता काय करावे?

पूर्वहंगामी लागवड टाळावी. मे महिन्यात ठिबकवर लावलेला कापूस लवकर फुलोऱ्यात येतो आणि पहिल्या पतंगांना आयता आसरा देतो. म्हणूनच शासन बियाणे विक्री फार लवकर खुली करत नाही. कोरडवाहू जमिनीसाठी कमी कालावधीचे वाण निवडावे. हल्ली बिगर-बीटी बियाणे त्याच पाकिटात मिसळून ४७५ ग्रॅमचे पाकीट मिळते, त्यामुळे आश्रय पीक वेगळे लावण्याची गरज राहिलेली नाही.

लागवडीनंतर ४५ दिवसांनी एकरी दोन कामगंध सापळे, म्हणजे मादीच्या गंधाने नर पतंगांना ओढणारे सापळे, लावावे. सलग तीन रात्री प्रत्येक सापळ्यात आठ किंवा अधिक पतंग सापडले, तर आर्थिक नुकसानीची पातळी गाठली असे समजावे. पाकळ्या गुलाबासारख्या मिटलेली फुले, म्हणजे डोमकळ्या, दिसताच तोडून आतल्या अळीसह नष्ट कराव्यात. शेतात फिरून २० हिरवी बोंडे फोडावीत; दोन बोंडांत अळी सापडली तर फवारणीची वेळ झाली आहे. बोंडाच्या बाहेरून मात्र काहीच कळत नाही, कारण अळी आत शिरल्यावर छिद्र बुजून जाते. सुरुवातीला निंबोळी अर्क आणि ट्रायकोकार्ड, म्हणजे बोंडअळीची अंडी नष्ट करणाऱ्या मित्रकीटकांची पट्टी, वापरावे. रासायनिक औषधे शिफारशीप्रमाणे घ्यावीत, दोन-तीन एकत्र मिसळू नयेत. २०१७ मध्येच यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन शेतकरी व मजुरांचे जीव गेले. हातमोजे, तोंडावर मास्क, अंगभर कपडे आणि वाऱ्याच्या दिशेने फवारणी या गोष्टींशी कोणतीही तडजोड करू नये.

आणि डिसेंबरअखेर शेत मोकळे करावे. एकट्याने केल्यास उपयोग मर्यादित राहतो, कारण पतंग बांध ओळखत नाही. गावाने मिळून ठरवावे, ही माझी कळकळीची विनंती आहे.

तणनाशक सहन करणारा 'एचटीबीटी' कापूस लावावा का?

नाही. या वाणाला भारतात परवानगी मिळालेली नाही. खुरपणीला माणसे मिळत नाहीत आणि मजुरी परवडत नाही, ही अडचण खरी आहे, आणि तिच्यामुळेच २०१९ मध्ये शेतकरी संघटनेने अकोला जिल्ह्यात जाहीरपणे हे बियाणे लावून आंदोलन केले. त्या मागणीवर सरकारने खुलेपणाने निर्णय द्यायला हवा, असे मलाही वाटते. परंतु आज चोरट्या मार्गाने येणाऱ्या पाकिटाला ना पावती असते, ना लॉट क्रमांक. त्यात खरोखर तणनाशक सहन करणारे जनुक आहे की नाही, हे कळण्याचा मार्ग ग्लायफोसेट हे तणनाशक फवारणे एवढाच उरतो, आणि जनुक नसेल तर उभे पीक जळते. वाऱ्याने उडालेले तणनाशक शेजाऱ्याच्या तुरीवर किंवा सोयाबीनवर गेले, तर त्याचे नुकसान कोण भरून देणार?

ग्लायफोसेटला जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये 'बहुधा कर्करोगकारक' गटात ठेवले, तर अमेरिका व युरोपच्या नियामकांनी तसा निष्कर्ष काढलेला नाही. केंद्र सरकारने ऑक्टोबर २०२२ मध्ये त्याच्या वापरावर निर्बंध घातले.

बीटी वांग्याला परवानगी का नाही, आणि मोहरीचे काय झाले?

जीईएसीने २००९ मध्ये बीटी वांग्याची शिफारस केली होती, परंतु फेब्रुवारी २०१० मध्ये तत्कालीन पर्यावरण मंत्री जयराम रमेश यांनी जनसुनावण्यांनंतर त्यावर स्थगिती आणली. बांगलादेशाने २०१३ मध्ये त्याच वांग्याला परवानगी दिली. आपल्याकडचा एक आक्षेप मला वजनदार वाटतो: भारत हे वांग्याच्या वैविध्याचे माहेरघर आहे, त्याचे अनेक स्थानिक वाण व रानटी नातलग इथे आहेत, आणि जनुक त्यांच्यात गेले तर ते परत घेता येत नाही. दिल्ली विद्यापीठात तयार झालेल्या 'डीएमएच ११' मोहरीला ऑक्टोबर २०२२ मध्ये हिरवा कंदील मिळाला. जुलै २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी त्यावर परस्परविरोधी निकाल दिले, मात्र राष्ट्रीय धोरण आखण्याबाबत दोघांचे एकमत झाले.

बीटी कापसाचे जनुक आपल्या गावरान कापसात जाईल का?

ही शक्यता फार कमी आहे. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाने विकसित केलेल्या 'पीए २५५' किंवा 'पीए ४०२' सारख्या देशी कापसात २६ गुणसूत्रे असतात, तर बीटी वाण ज्या अमेरिकन कापसाचे आहेत त्यात ५२ असतात. त्यामुळे दोघांचा शेतात सुपीक संकर होत नाही. तरीही देशी वाणाचे बीजोत्पादन करणाऱ्याने शिफारस केलेले विलगीकरण अंतर ठेवावे, कारण जिनिंगमध्ये आणि पोत्यांत होणारी सरमिसळ परागकणांपेक्षा अधिक त्रास देते.

बीटीमुळे लाल्या येतो किंवा जमीन नापीक होते का?

लाल्या, म्हणजे कापसाची पाने लाल पडण्याची विकृती, प्रामुख्याने मॅग्नेशियम व नत्राची कमतरता, पाण्याचा ताण किंवा साचलेले पाणी आणि तुडतुड्यांमुळे येतो. अधिक बोंडे धरणाऱ्या संकरित झाडाला अन्नद्रव्ये अधिक लागतात. हलक्या जमिनीत ती मिळाली नाहीत की पाने लाल होतात. बीटी प्रथिनामुळे जमीन नापीक झाल्याचे संशोधनातून दिसलेले नाही. सलग वर्षानुवर्षे कापसावर कापूस घेणे आणि शेणखत न घालणे यामुळे मात्र जमिनीचा पोत नक्कीच खालावतो.

शेतकरी आत्महत्यांना बीटी कापूस जबाबदार आहे का?

एवढ्या गंभीर विषयाला एका शब्दात उत्तर देणे योग्य नाही. आत्महत्या २००२ पूर्वीही होत होत्या, आणि जिथे कापूस कमी व सोयाबीन अधिक आहे अशा धाराशिव-लातूर पट्ट्यातही त्या होतात. पाऊस, कर्ज, भाव, सावकारी आणि घरातले आजारपण ही कारणे एकमेकांत गुंतलेली आहेत. मात्र महाग बियाणे कोरडवाहू, हलक्या रानात लावून पावसाने दगा दिला की बुडणारी रक्कम मोठी असते, हेही तितकेच खरे आहे. अशा जमिनीसाठी स्वस्त व लवकर येणारे सरळ वाण वेळेत उपलब्ध झाले नाहीत, ही संशोधन व धोरण या दोन्हींची उणीव आहे.

'टर्मिनेटर' बियाणे भारतात विकले जाते का?

नाही. पुढच्या पिढीत न उगवणारे असे बियाणे जगात कुठेही बाजारात आलेले नाही, आणि अशा तंत्राच्या वाणांची नोंदणी पीक वाण संरक्षण व शेतकरी हक्क कायदा, २००१ ने नाकारली आहे.

जनुक संपादन हा याचाच प्रकार आहे का?

जनुक संपादनात पिकाच्या स्वतःच्या जनुकातच नेमका बदल केला जातो. अंतिम वाणात परके जनुक राहिलेले नसेल, तर मार्च २०२२ पासून अशा वाणांना १९८९ च्या नियमांतील काही कठोर तरतुदींतून सूट आहे. मे २०२५ मध्ये 'कमला' आणि 'पुसा डीएसटी राईस १' ही भाताची दोन जनुक संपादित वाणे जाहीर झाली. क्षार आणि पाण्याचा ताण सहन करण्याची क्षमता हा गुण आपल्या ज्वारी-तुरीसाठी मोलाचा ठरू शकतो. तथापि, सूट म्हणजे तपासणीच नको असे नव्हे. बियाण्यावर तशी नोंद असणे हा शेतकऱ्याचा आणि ग्राहकाचा हक्क मानला जावा, असे माझे मत आहे.

बियाणे सदोष निघाले तर काय करावे?

खरेदी परवानाधारक कृषी सेवा केंद्रातूनच करावी आणि पक्की पावती घ्यावी; पावतीवर वाणाचे नाव व लॉट क्रमांक लिहून घ्यावा. पाकीट वरून न फाडता खालच्या बाजूने फोडावे, म्हणजे त्यावरचे लेबल शाबूत राहते. मूठभर बियाणे त्याच पाकिटात ठेवून पावतीसह हंगाम संपेपर्यंत जपावे. उगवण कमी झाली किंवा वाणात भेसळ दिसली, तर पीक मोडण्याआधी तालुका कृषी अधिकारी किंवा पंचायत समितीच्या कृषी अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार देऊन पोच घ्यावी. तालुका तक्रार निवारण समिती शेतावर येऊन पंचनामा करते, आणि त्या पंचनाम्याच्या आधारे जिल्हा ग्राहक आयोगाकडे भरपाई मागता येते. पीक मोडून दुबार पेरणी केल्यानंतर तक्रार दिली, तर पाहणीसाठी शेतात काहीच उरत नाही.